कोकरांच्या दिवसांचा निरोप

तीन वर्षांत परत येतो, असं आईला सांगून हार्लन निघाला, तेव्हा त्याच्या मनात खोट नव्हती. प्रणिताच्याही नव्हती. प्रणिता पुण्याची. ॲरिझोनात एमएस करायला गेली आणि तिथलाच एक मुलगा बघून बसली, असं तिची आई पुढे बरीच वर्षं म्हणत राहिली. हार्लन नवाहो होता, अमेरिकेतल्या मूळ रहिवाशांपैकी. त्याचं घर विद्यापीठापासून पाच तासांवर, उंच माळावर होतं आणि शेवटचा तास कच्च्या रस्त्याचा होता. प्रणिताला सिंगापूरला वन-नॉर्थमधल्या एका कंपनीत नोकरी लागली, पाठोपाठ त्यालाही तिथेच एका संशोधन संस्थेत लागली. दोघं सामान घेऊन निघाली ती या तीन वर्षांच्या बोलीवर.

हार्लन आईला शिमा म्हणायचा. त्याचा अर्थ ‘माझी आई’, म्हणून प्रणिताही तेच म्हणू लागली. शिमा माळावर एकटी राहायची. साठेक मेंढ्या, दोन कुत्री, एक जुना ट्रक. घरात नळ नव्हता. पिंपांतून पाणी आणायचं. जमीन तिच्या नावावर नव्हती. कुणाच्याच नव्हती. कागदोपत्री मालक वॉशिंग्टनमधलं सरकार, आणि कुटुंबाकडे असतो तो इतकी इतकी जनावरं चारायचा परवाना. शिमाच्या आईला तो मिळाला, त्याआधी सरकारी माणसं येऊन गेली होती. जनावरं फार झाली, माती धुपते, असं म्हणून त्यांनी तिच्या शेळ्या ओढ्यात नेऊन गोळ्या घातल्या होत्या. त्याच्याही आधी सैनिकांनी सगळ्यांना घरादारातून उठवून शेकडो मैल चालवत नेलं होतं. चार वर्षांनी करार झाला आणि उरलेली माणसं चालत परत आली. शिमा हे सगळं गेल्या आठवड्यात घडल्यासारखं सांगायची. कुणाला कुठे तहान लागली आणि कोण कुठल्या दगडाशी बसून राहिलं, सगळं.

अवनी झाली सिंगापूरला. ती सहा महिन्यांची असताना तिघं माळावर गेली. हार्लनने नाळेचा वाळलेला तुकडा कापसात गुंडाळून जपून नेला होता. शिमाने तो मेंढवाड्यात पुरला. मुलीची नाळ जिथे पुरावी तिथे तिचं मन परत परत येतं, मेंढ्यांकडे तिचं लक्ष राहतं, असं ती म्हणाली. आमच्याकडेही पुरतात, प्रणिता म्हणाली. तुझी कुठे पुरली, शिमाने विचारलं. प्रणिताला ते माहीत नव्हतं. तिचा जन्म कर्वे रोडवरच्या एका नर्सिंग होममध्ये झाला होता. 

तीन वर्षांची सहा झाली. प्रणिताला बढती मिळाली, दोघांना पीआर, म्हणजे तिथे कायम राहायचा परवाना मिळाला, आंग मो किओमध्ये फ्लॅट घेतला. फोनवर हार्लनने आईला सांगितलं की नव्याण्णव वर्षांची लीज आहे, त्यातली साठेक उरलीत. मग कुणाचा होणार, तिने विचारलं. सरकारचा. यावर ती हसली. म्हणाली, म्हणजे आपल्यासारखंच की. पण मग तिने विचारलं की तू येणार कधी, आणि हार्लनने अवनीच्या शाळेचं काहीतरी सांगितलं. दर वर्षी तो दोन आठवडे जाऊन यायचा. दर वर्षी मेंढ्या कमी झालेल्या असायच्या. रविवारी तो बंबोटीने, म्हणजे छोट्या लाकडी मोटरबोटीने, पुलाउ उबीन बेटावर जायचा. लोक तिथे सायकल चालवायला जातात. हा जुन्या घरांपाशी नुसता बसून यायचा. तिथे माती दिसते, एवढंच तो सांगायचा.

दोन हजार वीसच्या फेब्रुवारीत, एका मंगळवारी सकाळी शिमाचा फोन प्रणिताला आला. माळावर रेंज नसायची. फोन करायचा तर ट्रक काढून टेकडीपर्यंत जावं लागायचं, म्हणून ती उगाच कधी फोन करत नसे. हार्लनचा फोन लागत नाही, ती म्हणाली. तो दिवसभर मीटिंगमध्ये होता.

“एप्रिलमध्ये कोकरं होतील,” शिमा म्हणाली. “माझ्या पायांत जोर राहिला नाही. या वेळी त्याला पाठव. दोन महिन्यांसाठी पाठव. मी सांगितलं तर तो तुझ्याकडे बघेल. तू सांगितलंस तर येईल.”

सांगते हं, असं प्रणिता म्हणाली.

त्या संध्याकाळी ती सांगणारच होती. पण हार्लन घरी आला तो त्याच्या कराराची बातमी घेऊन: मार्चअखेर नव्याने सही व्हायची होती आणि वरिष्ठांची कुरकुर चालली होती. दोन महिने रजा म्हणजे नोकरी गेल्यातच जमा. सही झाली की सांगू, असं तिने ठरवलं. हे कारण खरंच होतं. पण त्याच्या खाली दुसरं एक होतं आणि तेही तिला ठाऊक होतं. हार्लन दरवेळी तिकडून परतला की आठवडाभर कुणाशी धड बोलायचा नाही. दोन आठवड्यांचं हे, तर दोन महिन्यांनी तो परत येईल का?

मार्चमध्ये सही झाली. तोवर विमानं बंद पडायला लागली होती. आता सांगून काय उपयोग, नुसता तळमळेल, असं तिला वाटलं. एप्रिलअखेर शिमाला ताप आला. हार्लनची मावसबहीण लोरेना तिला दवाखान्यात घेऊन गेली. हार्लनने तीनदा तिकीट काढलं. दोनदा विमान रद्द झालं आणि तिसऱ्याच्या आदल्या दिवशी शिमा गेली. पुरायला चारच माणसांना परवानगी होती. हार्लन हॉलमध्ये उभा होता. फोन हातात तसाच. अवनीने विचारलं, “Papa, why you standing there?” तेव्हा तो खाली बसला.

प्रणिताने त्यानंतर सांगायचा विचार पुष्कळदा केला. पहिल्या महिन्यात सांगणं क्रूरपणाचं वाटलं. पुढे उशीर झाला, आणि उशिराचंच एक वेगळं ओझं झालं.

दोन वर्षांनी परवान्याचा प्रश्न कोर्टात आला. शिमा गेली तेव्हापासून लोरेना माळावर राहत होती. ती हार्लनच्या मावशीची मुलगी. तिकडे मावशी म्हणजे आईच, आणि जमीन बायकांच्या बाजूने चालत येते, त्यामुळे ती नुसती मावसबहीण नव्हती, बहीणच होती. परवाना आपल्या नावावर व्हावा, असा अर्ज तिने केला. हार्लनने हरकत घेतली. प्रणिताला आश्चर्य वाटलं, कारण तो कशावरच हक्क सांगणारा माणूस नव्हता. अवनीची नाळ तिथे आहे, मी हक्क सोडला तर तिचं तिथे काय राहील, असं तो म्हणाला. आईकडून कूळ येतं. अवनीची आई पुण्याची. म्हणजे तिकडे कुणी विचारलं तर अवनीला सांगायला वडिलांचं कूळ होतं, स्वतःचं नव्हतं. त्याला ते फार लागत असे.

सुनावणी ऑगस्टमध्ये व्हिडिओवर झाली. तिकडे दुपारचे चार, इकडे सकाळचे सहा. हार्लनने इस्त्रीचा शर्ट घातला आणि जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवला. प्रणिता मागे ओट्यापाशी अवनीचा डबा करत होती. अवनीचं पीएसएलईचं, सहावीच्या मोठ्या परीक्षेचं वर्ष होतं.

न्यायाधीश पन्नाशीच्या बाई होत्या. आधी प्रत्येकाने आपलं कूळ सांगितलं, नाव नंतर. लोरेनाच्या शेजारी दोन म्हातारे मामा बसले होते. त्यांना इंग्रजी नीट येत नव्हतं, म्हणून एक कारकून प्रत्येक वाक्य नवाहोत सांगत होता. बाईंनी हार्लनला सरळ प्रश्न विचारले. आत्ता मेंढ्या किती? अकरा, तो म्हणाला. लोरेना हळूच म्हणाली, सव्वीस. पाणी कुठून आणता? त्याने पश्चिमेच्या विहिरीचं नाव घेतलं. ती विहीर दोन वर्षांपूर्वी बंद झाली होती. पाण्यात युरेनियम निघालं होतं. लोरेना आता दुप्पट लांबून पाणी आणत होती. हार्लनने मान खाली घातली. जो जमीन राखतो त्याचीच ती, हे त्याला कुणी शिकवायला नको होतं. ते त्याच्या आईनेच त्याला लहानपणी सांगितलेलं होतं.

मग बाईंनी लोरेनाला विचारलं की आणखी काही सांगायचं आहे का.

“मावशीने त्या हिवाळ्यात त्याला बोलावलं होतं,” लोरेना म्हणाली. “मीच तिला टेकडीवर घेऊन गेले. कोकरं होतील तेव्हा ये, म्हणून निरोप दिला. एप्रिलमध्ये ती रोज रस्त्याकडे बघायची. तो आला नाही. मला जमिनीचा लोभ नाही. पण मी तिथे होते.”

“मला कुणीही बोलावलं नाही,” हार्लन म्हणाला. “आईने बोलावलं असतं तर मी गेलो असतो. लोरेना खोटं बोलते असं मी म्हणत नाही. पण मला निरोप आला नाही.”

 लोरेना त्याच्याकडे पाहत राहिली. खोटारड्याकडे पाहावं तसं.

ते पाहणं प्रणिताला सहन झालं नाही. तिने गॅस बंद केला, हात पुसले आणि ती टेबलापाशी आली. पडद्यावरच्या छोट्या चौकोनात हार्लनच्या खांद्यामागे तिचा चेहरा दिसला. बाईंनी विचारलं, आपण कोण?

“मी त्यांची बायको. तो फोन मला आला होता. मी सांगते म्हटलं आणि सांगितलं नाही.”

“का?” बाईंनी विचारलं.

“तो परत येणार नाही, अशी मला भीती वाटली.”

 म्हाताऱ्या मामांसाठी कारकुनाने ते वाक्य नवाहोत सांगितलं. हार्लनला ते दुसऱ्यांदा, आईच्या भाषेत ऐकावं लागलं. त्याने मागे वळून पाहिलं नाही. एक मामा काहीतरी पुटपुटला. ते कारकुनाने उलट इंग्रजीत सांगितलं नाही.

हा प्रश्न तुमच्या घरातला आहे, माझ्यासमोरचा नाही, असं बाई सौम्यपणे म्हणाल्या. हार्लनला वेळ हवा असेल तर तारीख पुढे ढकलता येईल. हार्लन नको म्हणाला. हरकत मागे घेतो, असं तो आधी नवाहोत आणि मग इंग्रजीत म्हणाला. बहीण तिथे होती, मी नव्हतो. त्याने एकच विनंती केली: मेंढवाडा आहे तिथेच असू द्यावा. लोरेना रडायला लागली होती. नाही हलवणार, ती म्हणाली.

हार्लनने लॅपटॉप बंद केला. अवनी दप्तर घेऊन बाहेर आली, दोघांकडे पाहिलं आणि डबा न घेताच शाळेत गेली.

हार्लन ओरडला नाही. त्या दिवशी तो कामावरही गेला. रात्रीपासून मात्र हॉलमध्ये गादी टाकून झोपू लागला. प्रणिताने माफी मागितली, पुन्हा पुन्हा मागितली. तो ऐकून घ्यायचा. एका रविवारी ती म्हणाली की एकदा चिड तरी, काहीतरी बोल. तेव्हा तो बोलला.

“तुला भीती वाटते हे तू मला सांगितलं असतंस, तर कदाचित मी गेलोच नसतो. आईला फोन करून सांगितलं असतं की या वर्षी जमत नाही. तिला माझा नकार तरी मिळाला असता. ती वाट बघत गेली, प्रणिता. मी तिला नाही म्हटलेलं नाही, हेसुद्धा तिला कळलं नाही.”

 तो उठला, पाणी प्यायला आणि खाली फिरायला निघून गेला.

अवनीची परीक्षा होईपर्यंत तो थांबला. निकाल लागला, शाळा ठरली आणि मग त्याने राजीनामा दिला. लोरेनाशी त्याचं बोलणं झालं होतं. एप्रिलमध्ये तिला हाताखाली माणूस लागणार होता. परवाना तिचा, मेंढ्या तिच्या, तो मदतीला. चांगी विमानतळावर त्याने अवनीला बराच वेळ जवळ धरलं. प्रणिताच्या डोक्यावर हात ठेवला, मोठ्या माणसाने लहानाच्या ठेवावा तसा, आणि आत गेला. तो एप्रिल गेला, दुसराही गेला. रविवारी सकाळी त्याचा अवनीला फोन यायचा. प्रणिताशीही तो बोलायचा: तब्येत, शाळा, तिच्या आईचे गुडघे. घटस्फोटाचं कुणीच काही काढलं नाही.

मग त्याचं सिंगापूरचं री-एन्ट्री परमिट संपत आल्याचं पत्र आलं. नूतनीकरण केलं नाही तर पीआर जाणार होती. अर्ज मी भरून ठेवते, तू फक्त सही कर, असं प्रणिता त्या रविवारी म्हणाली. पलीकडून वाऱ्याचा आवाज तेवढा येत होता.

“नको,” हार्लन म्हणाला. “मी तिथे राहत नाही, तर ते माझ्याकडे कशाला?”

तिने बरं म्हटलं आणि फोन अवनीकडे दिला.

जूनच्या सुट्टीत अवनी एकटीच माळावर गेली. जाण्याआधी तिने विचारलं होतं, “Aai, you also come, lah. What’s the problem?” मला कुणी बोलावलं नाही, असं प्रणिता म्हणाली. अवनी बॅग भरायला आत गेली.

चौथ्या दिवशी ऑफिसात फोटो आला. अवनी एका मेंढीला गुडघ्यांत धरून लोकर कापत होती, केस विस्कटलेले, नाकाला धूळ. लोरेना बाजूने हात पुढे करून काहीतरी दाखवत होती. मागे कुंपणाला टेकून हार्लन उभा होता आणि मोठ्याने हसत होता. लग्नाआधी विद्यापीठात हसायचा तसा. प्रणिताने फोटो मोठा करून नुसता त्याचा चेहरा पाहिला. हा माणूस तेरा वर्षं आपल्या घरात होता आणि असा एकदाही हसला नाही, हे तिच्या आत्ता लक्षात आलं. खूप छान, असं तिने अवनीला मराठीत लिहिलं. मग दोन वाजताच्या मीटिंगसाठी ती उठली.