दवाखान्यातला मेणाचा पेरू

मित्रांनो, मी एक जुना मेणाचा पेरू आहे. खरं तर होतो. आता मी पत्र्याच्या एका डब्यात वितळून बसलो आहे आणि माझ्या डोक्यावर वात जळते आहे. वात आहे तोवर बोलून घेतो.

मला घडवणाऱ्या कारागिराने समोर एक खरा पेरू ठेवला होता. काय सुंदर होता म्हणून सांगू! त्याच्याकडे बघून त्याने मला गोलाई दिली, रंग दिला, देठसुद्धा लावला. माझं काम लांबलं आणि तो पेरू माझ्या शेजारीच सुकून गेला. कुणी खाल्लाच नाही. त्याचा वास मात्र माझ्यात शिरला, तो कायमचा.

मग मी एका गरीब वस्तीतल्या दवाखान्यात आलो. तिथल्या नर्सबाई मनाने मायाळू, पण तोंडाचा पट्टा सदा सुरू. बाळांची वजनं करून झाली की मला उंच धरून आयांना सांगायच्या, "हे बघा, रोज एक फळ मुलांच्या पोटात गेलंच पाहिजे!" आया माना डोलवायच्या. मला कोण मान! मीही फुगून बसायचो.

एकदा टिकलीची आई मात्र बोलली. ती लाँड्रीत चादरींना इस्त्री करायची आणि टिकली तिची एकुलती एक लेक, नावासारखीच इवलीशी. "बाई, आणू कुठून? मोठा रस्ता झाल्यापासून फळाची गाडी आमच्याकडे वळत नाही. बाजाराला जायचं तर दोन बस बदला, म्हणजे कामाचा खाडा. कोपऱ्यावरच्या दुकानात नुसती पाकिटं लटकतात. तीच घेते आणि हिचं तोंड बंद करते."

नर्सबाईंनी सुस्कारा सोडला. तेवढ्यात टिकलीने मला उचललं, नाकाशी नेलं आणि हळूच चावा घेतला.

मित्रांनो, मला दुखलं नाही. तिथेच माझ्या काळजात धस्स झालं. तिच्या ओठांवर मेणाचा कणही नव्हता, खालीही सांडला नव्हता. "पोट भरलं," ती म्हणाली आणि गोड हसली.

पुढच्या वेळी ती पुन्हा आली आणि पुन्हा चावली. मग इतर मुलंही येऊ लागली. मोठी माणसं बोलत असली की ती एकेक करून माझ्यापाशी यायची, आवाज न करता. पूर्वी मुलं रडून रडून दवाखाना डोक्यावर घ्यायची. आता तिथे कुणी रडेना. सगळी मुलं तृप्त दिसायची आणि वजनाचा काटा मात्र खाली खाली जायचा. मला ओरडावंसं वाटे, पण मेणाला कुठला आवाज!

शेवटी टिकलीची आई रडकुंडीला आली. "बाई, ही घासाला शिवत नाही हो! म्हणते, मी पेरू खाल्ला."

"कुठला पेरू?"

टिकलीने माझ्याकडे बोट दाखवलं. नर्सबाईंनी मला फिरवून पाहिलं. माझी पाठ उरलीच नव्हती. तिथे नुसते दातांचे व्रण होते, सगळे दुधाच्या दातांचे. नर्सबाईंनी मला कचऱ्याच्या डब्यात टाकलं आणि हात कितीतरी वेळ धुतले.

दुसऱ्याच दिवशी त्या एका फळवाल्याला गाठून आल्या. त्याची गाडी दवाखान्याच्या दारात उभी राहू लागली. डागाळलेले पेरू तो स्वस्तात द्यायचा. टिकलीच्या आईने त्यातलेच घेतले आणि जाता जाता मलाही कचऱ्यातून उचललं. "मेण आहे, उजेडाला होईल," म्हणाली. गरिबाघरी काही वाया जात नाही.

पण टिकलीने खरा पेरू थुंकून टाकला. "हा नको. ह्याला चव लागते."

आईचा जीव खालीवर झाला. पोर पिसासारखी हलकी झाली होती.

आज संध्याकाळी वीज गेली आणि आईने मला पेटवलं. ताटलीत फोडी होत्या, टिकलीचे ओठ घट्ट मिटलेले. माझा वास खोलीभर पसरला. ती सरकत सरकत माझ्याजवळ आली, ज्योतीत डोकावली आणि म्हणाली, "तू इथे आहेस होय?" मग तिने एक फोड उचलून माझ्यापुढे धरली. "घे. तुला कधीच कुणी दिलं नाही ना?"

मित्रांनो, आजवर मला सगळ्यांनी चावलं, भरवलं कुणीच नव्हतं. मी सगळा जीव एकवटून म्हणालो, 'तू खा.'

टिकली थबकली. "आई, तो म्हणतोय, तू खा."

"कोण गं?" आईच्या अंगावर सर्रकन काटा आला. खोलीत त्या दोघींशिवाय कुणी नव्हतं. तिने ज्योतीकडे पाहिलं, लेकीकडे पाहिलं आणि दबक्या आवाजात म्हणाली, "मग ऐक की त्याचं, बाळा."

टिकलीने फोड तोंडात घातली. चव लागली तसं तोंड वाकडं केलं, पण थुंकली नाही. चावत राहिली.

मित्रांनो, माझी वात आता बुडाला टेकली आहे. जाता जाता एवढंच मागतो. उपाशी लेकराला फळ नुसतं दाखवू नका. त्याच्या हातावर ठेवा आणि चावल्याचा आवाज येईपर्यंत तिथून हलू नका. मला तो आत्ता ऐकू येतो आहे.