हेमांगीच्या कानातला ब्लूटूथ

मी कानात अडकवायचा एक ब्लूटूथ बोलतोय. बोलतोय म्हणायचं एवढंच; आजवर माझ्या तोंडून निघाला तो सगळा दुसऱ्यांचाच आवाज. इकडचं तिकडे आणि तिकडचं इकडे पोचवण्यात माझं आयुष्य गेलं. आता थकलोय. बॅटरी धरत नाही. म्हणून स्वतःचं जे काही सांगायचं ते आत्ताच सांगून टाकतो.

माझा जन्म कुठल्याशा दूरच्या कारखान्यात झाला. तिथलं मला काही आठवत नाही. आठवतं ते विरार पूर्वेला पास्कलच्या मोबाइलच्या दुकानातलं काचेचं कपाट. तिथे मी बरेच दिवस पडून होतो. लोक यायचे, माझ्या शेजारच्या चंदेरी, नाजूक ब्लूटूथवर बोट ठेवायचे आणि मला बाजूला सारायचे. मी जाडा, काळा, मागे वाकडा आकडा असलेला. माझ्याकडे कोण बघणार?

मग एका दुपारी हेमांगी आली. मनवेलपाड्यातल्या एका इमारतीत ती राहायची आणि घरूनच पोळ्या-भाजीचे डबे करून द्यायची. सोबत तिचा नवरा जितेंद्र होता. आधीच्या आठवड्यात तिचा फोन आमटीत पडला होता. हात पिठात म्हणून ती फोन खांदा आणि कान यांच्यात धरून बोलायची. त्यामुळे मानही आखडली होती, आणि शेवटी फोन निसटून पातेल्यात गेला.

पास्कलने तीन-चार ब्लूटूथ काढून समोर ठेवले.

"वहिनी, हा घ्या. एकदम लेटेस्ट. कानात आहे ते कळणार पण नाही," चंदेरी पुढे करत तो म्हणाला.

"हाच घे, हेमा. दिसतो पण छान," जितेंद्र म्हणाला.

हेमांगीने तो कानात घातला. मग तिथेच, दुकानात, कणीक मळताना वाकतात तशी वाकली आणि दोन्ही मुठी काउंटरवर दाबू लागली. बाजूची गिऱ्हाइकं बघत राहिली. जितेंद्र ओशाळला. चंदेरी कानातून निसटून खाली पडला.

"परातीत पडला असता," ती शांतपणे म्हणाली. "तो काळा दाखवा बरं."

मला तिने कानामागे अडकवलं. वाकली, मान हलवली, चष्मा काढून पुन्हा घातला, पदर डोक्यावरून घेऊन बघितला. मी जागचा हललो नाही. मग बोटं न लावता मनगटाने माझं बटण दाबून पाहिलं. ते दाबलं गेलं.

"हा द्या," ती म्हणाली.

त्या दिवशी मला फार बरं वाटलं होतं, हे कबूल करायला हवं. मला कोणीतरी पारखून घेतलं होतं.

घरी आल्यावर जितेंद्रने फोनमध्ये चार शून्यं टाकून माझी जोडणी केली आणि माझं काम सुरू झालं. सकाळी हेमांगी चहा ठेवायच्या आधी मला कानात घालायची. "ताई, उद्या चार डबे जास्त." "ताई, कालची भाजी तिखट होती." "ताई, आमच्या ऑफिसला पण द्याल का?" तिचे हात लाटत असायचे, भाजत असायचे, डबे भरत असायचे आणि तोंड माझ्याशी बोलत असायचं. वरच्या मजल्यावरच्या बाईंनी तर दारातून बघून जितेंद्रला विचारलं होतं, "वहिनी हल्ली एकट्याच बोलतात का?"

डबे वाढले. आधी जेवढ्या पोळ्या दुपारपर्यंत व्हायच्या, त्या आता अकरालाच संपायच्या आणि नंतर पुन्हा कणीक मळावी लागायची. फोन घ्यायला म्हणून ती पूर्वी दोन मिनिटं तरी थांबत असे. तेही आता बंद झालं. मी तिच्या कानात असायचो, त्यामुळे तिचा श्वास मला जवळून ऐकू यायचा. तो दिवसेंदिवस जड होत गेला.

या सगळ्यात एक फोन वेगळा होता. रोज अकराच्या सुमाराला चिंचोटीहून तिच्या आईचा, धोंडूबाईचा, फोन यायचा. हेमांगीचा भाऊ भूपेश वापीला कंपनीत. त्यामुळे म्हातारी गावातल्या घरी एकटीच राहायची. पावसाळ्यात धबधबा बघायला माणसं आली की ती घरासमोर बसून काकड्या आणि उकडलेल्या शेंगा विकायची. लेकीला फोन करायची ती काही कामासाठी नाही. कोंबडीने किती पिल्लं काढली, कोणाकडे बारसं आहे, कोण आजारी, असलंच बोलायची.

"हं," हेमांगी म्हणायची. "हं आई. बोल, ऐकतेय."

ती ऐकत नव्हती. तिला दोष देत नाही मी. समोर तवा तापलेला असायचा आणि डबे न्यायला माणूस दारात उभा असायचा. पण म्हातारीचा शब्दन् शब्द माझ्यातून जात होता, म्हणून मला ठाऊक आहे.

जूनमध्ये म्हातारी म्हणाली, "हेमे, तांब्यात पानी वतते तर बाहेरच पडतं गो. उजव्या बाजूचं नीट दिसत नाय."

"हं. चष्मा पुसून घे," हेमांगी म्हणाली आणि पोळी उलटली.

पुढे एकदा म्हातारी म्हणाली, "काल मोटरसायकलवाला अंगावरच आला. मना दिसलाच नाय तो. लोकांनी वढलं म्हनून वाचले."

"हं. रस्त्याच्या कडेने चालत जा. आई, थांब हं, दुसरा फोन येतोय."

दुसरा फोन आला की माझ्यात टुकटुक वाजायचं. हेमांगी मनगटाने बटण दाबायची आणि म्हातारी मध्येच लटकत राहायची. ऑफिसची ऑर्डर बोलून होईपर्यंत ती कधी थांबायची, कधी कंटाळून फोन ठेवायची. त्या दिवशी तिने ठेवला.

श्रावणात ती म्हणाली, "देवापुढं दिवा लावला ना, त्याच्याभवती रंगाचं कडं दिसतं. आनि डोकं असं ठनकतं..."

"हं. गोळी घेतलीस का?"

"घेतली," म्हातारी म्हणाली. मग म्हणाली, "तुज्या पोल्या चालू दे."

त्यानंतर चार-पाच दिवस अकराला फोन आला नाही. हेमांगीच्या ते लक्षात आलं की नाही, मला सांगता येत नाही. गणपती तोंडावर आले होते, मोदकांच्या ऑर्डरी घेणं चाललं होतं.

आणि एका सकाळी म्हातारी स्वतःच दारात उभी राहिली. चिंचोटीहून मिळेल त्या गाडीने, विचारत विचारत आली होती. हातात पडवळांची पिशवी, कपाळावर हे एवढं टेंगूळ. हेमांगी कणीक मळत फोनवर बोलत होती. तिने मानेनेच आईला बसायची खूण केली. म्हातारी पाटावर बसली. एक फोन संपला, दुसरा लागला. त्यात मोदक किती, सारणात खवा घालायचा की नाही, हे चाललं होतं.

म्हातारी उठली. भिंतीला हात लावत ओट्यापाशी आली आणि लेकीचा कान चाचपून तिने मला काढून घेतलं. हेमांगीचे दोन्ही हात कोपरापर्यंत पिठात होते. ती अडवू शकली नाही.

"अगं आई, गिऱ्हाईक आहे!"

म्हातारीने मला ओट्यावर, सांडलेल्या पिठात ठेवलं. पलीकडचा माणूस माझ्यातून "हॅलो, ताई, हॅलो" करत राहिला.

"असूं दे," ती म्हणाली. मग तिने पदराने आपला डावा डोळा झाकला. "आता माज्याकडं बघ. तू हितं उभी हायेस ना? मना दिसत नाय तू."

हेमांगीने पिठाचा हात आईच्या उजव्या डोळ्यासमोर नेला, पापणीच्या अगदी जवळ. पापणी लवली नाही.

"कधीपासून आई?" तिने विचारलं.

"झाले की महिने," म्हातारी म्हणाली.

त्या दिवशी डबे गेले नाहीत. जितेंद्रला फोन करून तिने बोलावून घेतलं आणि तिघं वसईच्या एका डोळ्यांच्या दवाखान्यात गेली. हेमांगीने मला सवयीने पर्समध्ये टाकलं होतं, म्हणून पुढचं मी ऐकलं.

डॉक्टरीणबाईंनी बराच वेळ तपासलं. काचबिंदू आहे म्हणाल्या. उजव्या डोळ्याची नजर गेली, ती आता परत येणार नाही. डाव्या डोळ्यातही सुरुवात झाली आहे, पण तो वाचवता येईल; रोज वेळच्या वेळी थेंब घालायचे, हयगय चालणार नाही.

"आजी, एवढं होईपर्यंत काही त्रास जाणवला नाही का? दिव्याभोवती कडं दिसणं, डोकं दुखणं? कोणाला सांगितलं नाहीत?"

"नाय वो बाई," धोंडूबाई लगेच म्हणाली. "काय सुदा जानवलं नाय. एकदमच झालं."

पर्सच्या अंधारात मी सगळं ऐकत होतो. जितेंद्रला यातलं काही माहीतच नव्हतं.

"तिने सांगितलं होतं, डॉक्टर," हेमांगी म्हणाली. "मला सांगितलं होतं. पाण्याचं सांगितलं, मोटरसायकलचं सांगितलं, कड्याचं पण सांगितलं. सगळं माझ्या कानावर घातलं होतं तिने."

"तू गप बस गो," म्हातारी म्हणाली. लेकीचा हात चाचपडताना तिच्या बांगड्या वाजल्या.

गणपती झाले. म्हातारी महिनाभर मनवेलपाड्यात राहिली, मग हट्ट करून आपल्या घरी गेली. कोंबड्यांना कोण बघणार, हे तिचं कारण. डावा डोळा टिकला. शेजारची सून सकाळ-संध्याकाळ थेंब घालते, दुपारचे ती स्वतः घालते.

हेमांगीने ऑफिसची मोठी ऑर्डर सोडून दिली. जितेंद्र त्यावर थोडं कुरकुरला. "हातातलं काम कोणी सोडतं का?" म्हणाला. तिने त्या ऑर्डरीचे डबे धुऊन माळ्यावर ठेवले आणि त्याने पुन्हा विषय काढला नाही.

म्हातारी गावी परत गेल्यावरची पहिली दुपार मला चांगली आठवते. तिचा अकराचा फोन आता दुपारी वाजला. हेमांगीने सवयीने मला उचललं, कानापाशी नेलं आणि तशीच थांबली. मग मला खिडकीजवळच्या खिळ्याला अडकवलं. गॅस बंद केला. हात धुतले, पुसले. भिंतीला टेकून खाली बसली आणि फोन हातात घेऊन कानाला लावला.

"बोल आई," ती म्हणाली.

त्यानंतर ऑर्डरींसाठी मी वर्षभर काम केलं. मग माझी ताकद ओसरत गेली. दोन वाक्यं झाली की मी टुकटुक करून बंद पडू लागलो. जितेंद्र म्हणाला, "पास्कलकडे नवीन आलेत, छोटे. बदलून टाक." ती म्हणाली, "राहू दे. आता हातातलं ठेवूनच बोलते मी सगळ्यांशी."

तेव्हापासून मी या खिळ्यावर आहे. माझ्यावर पिठाची आणि फोडणीच्या धुराची पुटं चढली आहेत. दुपारी हेमांगी इथेच, माझ्या खाली बसून आईशी बोलते. फोन तिच्या कानाला घट्ट लावलेला असतो, त्यामुळे पलीकडची म्हातारी काय सांगते ते आता मला ऐकू येत नाही. कोंबडीने किती पिल्लं काढली ते कळत नाही, गावात कोणाचं काय झालं ते कळत नाही. हेमांगी मधूनच हसते, मधूनच काही विचारते, एवढं दिसतं.

मला त्याचं वाईट वाटत नाही. खूप ऐकून झालं. कधी जितेंद्र आवराआवर करताना मला चार्जरला लावून बघतो, अजून चालतो का म्हणून. माझा निळा दिवा थोडा वेळ मिचमिचतो. त्याला एकच सांगणं आहे. बाबा, आता मला पेटवू नकोस; पेटलो की तिचं बोलणं पुन्हा माझ्यातून जाऊ लागेल. दुपार झाली आहे, तिचा फोन चालू आहे. मला असाच विझलेला राहू दे.