वापरायचं पाणी

नियुक्तिपत्रावर तिचं पद 'शाश्वतता अधिकारी' असं छापलं होतं. हा शब्द कारखान्यातल्या निम्म्या लोकांच्या जिभेवर चढत नव्हता आणि उरलेल्यांना त्याची गरज वाटत नव्हती. फाटकावरच्या पहारेकऱ्यापासून रंगाच्या हौदावरच्या कामगारांपर्यंत सगळे तिला टिकली म्हणत.

सहाव्या वर्षापासून अकराव्या वर्षापर्यंत ती टीव्हीवरच्या एका मालिकेत टिकली होती. टिकलीएवढी पोर, मोठ्यांची भांडणं एका वाक्यात मिटवणारी. मग पुढचे दात आले, उंची वाढली आणि कामं आटली. पंधराव्या वर्षी तिला कुणी विचारेना. पंचविसाव्या वर्षी लोक रस्त्यात थांबवून विचारू लागले, "तू ती टिकलीच ना? मग हल्ली काय करतेस?" या प्रश्नाला काहीतरी उत्तर असावं म्हणून तिने, उशिरा का होईना, पर्यावरणशास्त्राची पदवी घेतली. सांडपाणी, गाळ, क्षार. या धंद्यात चेहरा बघून कुणी काम देत नाही, अशी तिची समजूत होती.

कारखाना कापड रंगवायचा. त्याच्या कुंपणाला लागून मजुरांची वस्ती होती आणि तिथल्या विंधनविहिरी दोन वर्षांपूर्वी कोरड्या पडल्या होत्या. कारखान्याचं वापरलेलं पाणी गाळून, शुद्ध करून वस्तीला द्यायचं, ही योजना तिचीच. सात महिने ती त्यासाठी राबली होती. वापरायचं पाणी म्हणजे काय, हे कुठल्याही घरात समजावून सांगावं लागत नाही. धुणं, लादी, संडास. प्यायचं पाणी वेगळं, त्याचं भांडं वेगळं, त्यावर झाकण वेगळं. तरीही कामात चोख राहायचं म्हणून तिने अहवालाच्या तिसऱ्या पानावर लिहिलं होतं : हे पाणी वापरण्यास योग्य आहे, पिण्यास नाही. कारणही लिहिलं होतं. रंगातलं क्रोमियम पिण्याच्या मर्यादेच्या सहापट राहत होतं. ते गाळायचं तर नव्या गाळण्या लागणार होत्या, आणि त्या पुढच्या वर्षी बघू, असं मालक म्हणाले होते.

नळ सोडायच्या दिवशी सकाळी नऊ वाजता ती पाणी शुद्ध करायच्या प्लांटवर गेली. शेवटच्या टाकीची एक बाजू काचेची होती. तिच्यात फोरमनकाकांनी लाल मासे सोडले होते. पाहुण्यांना दाखवायला बरे.

"काका, शुक्रवारी सात होते."

"असतील."

"आज नऊ आहेत. आणि तो शेपटीवर काळा ठिपका असलेला कुठे दिसत नाही."

"तुला माशांची हजेरी घ्यायला ठेवलंय का गं?" काकांनी आधीच लख्ख असलेली काच पुन्हा पुसली. "रोज पाण्यात असतात बिचारे. धुऊन गेला असेल ठिपका."

ती हसली. सेटवर हे काम तिच्याकडेच असायचं. मागच्या शॉटमध्ये रिबीन कुठल्या वेणीला होती, पेल्यात दूध किती होतं, हे दिग्दर्शकाच्या आधी तिला आठवायचं. काका मात्र हसले नाहीत. फडकं पिळता पिळता ते दुसरीकडेच बघत राहिले.

अकरा वाजता मांडवात वस्तीतले चारशे लोक बसले होते. मागे फलक होता : 'टिकलीचा शब्द, टिकणारं पाणी.' हा फलक तिला कुणी दाखवला नव्हता. मालक दहा मिनिटं बोलले. कारखाना आणि वस्ती म्हणजे एक कुटुंब, पाण्याचा थेंब अन् थेंब आपला, असं बरंच काही. तीन वेळा ते 'शुद्ध' म्हणाले. 'पिणं' हा शब्द त्यांनी एकदाही उच्चारला नाही, हे तिने नंतर आठवून पाहिलं. मग त्यांनी स्टेजवर बसवलेला नवा नळ फिरवला, काचेचा पेला भरला आणि तिच्यापुढे धरला.

"आणि आता आपली टिकली!"

हे ठरलेलं नव्हतं. चारशे माणसांनी मोबाइल वर केले. पुढच्या रांगेतली एक बाई कडेवरच्या पोरीला सांगत होती, "बघ, बघ, तुझी आई लहानपणी हिलाच बघायची."

त्या तीन सेकंदांत तिने काय विचार केला, असं कुणी विचारलं असतं तर खरं उत्तर 'काहीच नाही' असं होतं. विचार तिच्या तोंडाने केला. सात वर्षांची असताना दुधाच्या एका जाहिरातीत तिला दिवसभरात चाळीस पेले प्यायचे होते. चाळीस पेले प्यायली तर पोर आडवी होईल, म्हणून आईने तिला युक्ती शिकवली होती. मोठा घोट घ्यायचा, तो जिभेखाली आणि दाढांमागे साठवायचा, गाल फुगू द्यायचे नाहीत, मग नुसता गळा हलवायचा आणि डोळे मोठे करून 'आहा' केल्यासारखं हसायचं. कॅमेरा थांबला की बादलीत थुंकायचं.

तिने पेला ओठांना लावला. गळा दोनदा हलला. पेला एक बोटभर उतरला. डोळे मोठे झाले. मांडव टाळ्यांनी दणाणला.

ती हसतच स्टेजवरून उतरली, हसतच कार्यालयाच्या न्हाणीघरात गेली आणि बेसिनमध्ये थुंकली. तोंडाला नाणं चोखल्यासारखी चव आली होती. तीन वेळा चूळ भरली तरी ती गेली नाही. पाणीही पोटात गेलं नाही आणि नोकरीवरही पाणी पडलं नाही, असा मनात हिशेब करून ती आरशात बघते न बघते तोच फोन वाजला. आई.

"लाइव्ह पाहिलं गं! गिळलं नाहीस ना?"

"तुला कसं कळलं?"

"तुझी आई आहे मी. गिळलंस की तुझ्या डाव्या गालावरची खळी जाते. ती होती. पण बाकी कुणाच्या बापाला कळणार नाही! वीस वर्षं झाली, अजून हात बसलेला आहे. मी शेजारच्या काकूंना म्हटलं, बघा, असं काम पाहिजे."

बाकी कुणालाही कळणार नाही. फोन कानाला तसाच धरून ती खिडकीपाशी गेली. खाली मांडव रिकामा होत होता. दोन बायका निघता निघता बोलत होत्या.

"संध्याकाळी सहाला सगळीकडे सोडणारेत. ते निळं पिंप धुण्याला असू दे."

"आणि प्यायचं?"

"प्यायचंही हेच की! टिकली प्यायली, पाहिलं नाहीस? उद्यापासून टँकरपुढे तंगड्या मोडायला नको. मी तर झाकणाचा हंडा घासून ठेवते."

तिने फोन बंद केला. तिने तिसऱ्या पानावर लिहिलेलं वाक्य वस्तीतल्या एकानेही वाचलं नव्हतं. आणि जे सगळ्यांनी पाहिलं, ते तिने लिहिलं नव्हतं.

पाहुण्यांची जेवणं आणि फोटो उरकून मालक एकटे सापडेपर्यंत साडेचार वाजले. ते केबिनमध्ये चहा घेत होते. तिने उभ्या उभ्याच सांगितलं, प्रत्येक नळावर पाटी लावायला हवी, पिण्यासाठी नाही अशी. आजच, सहाच्या आत.

"का? तूच तर प्यायलीस."

"मी प्यायले नाही, सर. तोंडात धरलं आणि नंतर थुंकले."

मालकांनी कप बशीत ठेवला. रागावले नाहीत. रागावले असते तर तिला बरं वाटलं असतं.

"चारशे लोकांनी पाहिलंय, पोरी. रेकॉर्डिंग आहे. मी काही खोटं बोललो का? मी नुसता पेला दिला. प्यायची की नाही, हे तुझं तू ठरवलंस. मग खोटं कोण बोललं?" त्यांनी कप पुन्हा उचलला. "कारखाना वाढवायची परवानगी परवा येतेय. ती आली की तूही नोकरीत कायम. आता घरी जा, झोप काढ. तोंड उतरलंय तुझं."

ती तडक प्लांटवर गेली. फोरमनकाका टाकीपाशी स्टुलावर बसले होते.

"काका, सहा वाजता झडप उघडू नका."

"चावी माझ्याकडे नाही. आज मालकांनी स्वतःच्या खिशात ठेवलीय. सुरुवात त्यांच्या हातून व्हायचीय म्हणे."

"मासे किती दिवस टिकतात?"

काकांनी फडक्याची घडी घातली. "पाच. कधी सहा. दर सोमवारी नवे आणतो."

"मला का नाही सांगितलंत?"

"वापरायचं पाणी होतं ना गं ते," काका म्हणाले. "संडासात कोण मासे पाळतं? मला काय माहीत, तू पिऊन दाखवशील म्हणून!"

तिने पाणीपुरवठा कार्यालयाला फोन लावला. पलीकडच्या माणसाने तक्रार लिहून घेतली, तक्रारीचा क्रमांक दिला आणि उद्या दुपारनंतर माणूस येईल, असं सांगितलं. घड्याळात साडेपाच वाजले होते.

पावणेसहाला ती वस्तीतल्या पहिल्या नळाशी पोचली. पिंपं, बादल्या, कळशा रांगेत लागल्या होत्या. रांगेच्या तोंडाशी शिलाईकाम करणारी एक बाई होती. गळ्यात मोजायची फीत तशीच, हातात झाकणाचा हंडा. सकाळी पुढच्या रांगेत कडेवर पोर घेऊन बसलेली तीच; पोर आताही कडेवरच.

"अगंबाई, टिकली! या, या. पहिला हंडा तुमच्या हातून भरू."

"ताई, हे पाणी पिऊ नका. कुणीच पिऊ नका. धुण्याला वापरा, प्यायला नाही. यात धातू आहे, पोटात गेला तर वाईट."

मग मागून एक म्हातारा म्हणाला, "सकाळी तर गटागटा प्यायलात!"

"मी गिळलं नव्हतं, आजोबा. नाटक केलं."

"टँकरवाल्यांनी गाठलं वाटतं हिला," कुणीतरी म्हणालं आणि रांगेत हशा पिकला.

तिला एकच उपाय सुचला, आणि तो अगदीच तिच्या जातकुळीचा होता. शिलाईवालीच्या घरातून तिने टँकरच्या पाण्याचा पेला मागून घेतला आणि सगळ्यांसमोर घोट घेतला. गळा हलला, डोळे मोठे झाले, हसू आलं. मग ती वाकली आणि तोंडातलं सगळं पाणी जमिनीवर सोडलं.

मग पोरं टाळ्या पिटायला लागली. "पुन्हा! पुन्हा करा ना!" दोघातिघांनी मोबाइल काढले.

"पाहिलंत ना?" ती म्हणाली. "सकाळी हेच केलं."

शिलाईवाली हसत नव्हती. ती बारकाईने बघत होती, कापड कापायच्या आधी बघावं तशी.

"म्हणजे तुम्हाला खऱ्यासारखं खोटं करता येतं."

"हो."

"मग सकाळचं खोटं आणि आत्ताचं खरं, हे आम्ही कशावरून धरायचं?"

तेवढ्यात सहा वाजले आणि नळ खोकला. आधी हवा आली, मग गढूळ चूळ, मग काचेसारखं स्वच्छ पाणी. रांग पुढे सरकली. शिलाईवालीने हंडा लावला नाही. तिने पेला धुतला, नळाखाली भरला आणि टिकलीपुढे धरला.

"घ्या. आता इथून, हातभरावरून बघते मी. गिळलंत की नाही, ते मला कळेल."

टिकलीने पेला घेतला. बोटांना पाणी गार लागलं. तोंडात आपोआप जागा होऊ लागल्याचं, जीभ मागे सरकल्याचं तिला जाणवलं. सगळे तिच्या हाताकडे बघत होते. हात वर गेला नाही. डोळे मोठे झाले नाहीत. ती नुसती पेला धरून उभी राहिली. काही न करता इतका वेळ लोकांसमोर उभं राहायची तिच्यावर आयुष्यात पहिल्यांदाच वेळ आली होती. कधीतरी पेला कलला आणि पाणी तिच्या पायांवर सांडलं.

शिलाईवालीने तिच्याकडे पाहिलं, मग कडेवरच्या पोरीकडे. तिने झाकणाचा हंडा उचलला आणि मागे वळून रांगेला ओरडून सांगितलं, "ए, प्यायचं भरू नका गं! हिची हिंमत होत नाहीये!"

दोघींनी कळशा बाजूला घेतल्या. म्हातारा पुटपुटत राहिला, पण त्यानेही तपेली खाली ठेवली. टिकलीने पेला शिलाईवालीच्या हातात दिला.

"बाकीचे नळ कुठे आहेत?" तिने विचारलं.

"प्रत्येक गल्लीच्या टोकाला. एकेचाळीस आहेत."

ती पळत सुटली. दुसऱ्या गल्लीचा नळ दीडशे पावलांवर होता. तिथे रांग नव्हती, गलका होता. तिला येताना पाहून बायापोरं "टिकली आली, टिकली आली!" करत बाजूला झाली. हात पुसत एक गृहस्थ पुढे आला. त्याच्या मागे चार पोरं हनुवटीवरून ओघळणारं पाणी मनगटाने पुसत होती. त्याने काठोकाठ भरलेला पेला तिच्यापुढे धरला.

"तुमच्या हातून सुरुवात करणार होतो," तो ओशाळून म्हणाला, "पण पोरांना धीर निघेना."