मोटारीवरची हिरवळ

देवपुरात पोस्टातल्या पितांबररावांच्या लॉनचं भारी कौतुक होतं. सत्त्याऐंशी साली पावसानं दगा दिला, पांझरा नदी कोरडी ठणठणीत पडली, नळ चार दिवसांआड जेमतेम तासभर येऊ लागला. तरी यांचं लॉन आपलं हिरवंगार! त्यामागचं गुपित साऱ्या गल्लीला ठाऊक होतं. नळ आला रे आला, की पितांबरराव त्याला मोटार लावून पुढच्या घरांचं पाणीही ओढून घेत. अशी मोटार किती घरांत चालते, हे तुम्हा-आम्हाला का सांगायला हवं?

गल्लीच्या टोकाला नूर महंमद गवंडी राहत. त्यांची बायको मदिना एका सकाळी रिकामा हंडा घेऊनच दारात आली.

"भाऊ, मोटार बंद करा. घरमा सून बाळंतीण शे. आमना नळले थेंब नही."

"सगळेच लावतात, अक्का. मी एकट्यानंच काय पाप केलंय?" असं म्हणून पितांबररावांनी पाइप गुलाबांकडे वळवला.

संध्याकाळी ते सायकलीवरून टोकाच्या रस्त्यानं परतले, तर मदिनाच्या अंगणात पिवळ्या फुलांची नुसती गर्दी! कुंपणाला निळी कोरांटी. त्यांचं डोकंच फिरलं. पाणी नाही म्हणते आणि बाग फुलवते? सायकल लावून ते तडक आत शिरले.

"अक्का, थेंब नाही ना तुमच्याकडे? मग हे काय?"

मदिना रागावली नाही. "माटीले हात लाई दखा, भाऊ."

त्यांनी बोट खुपसलं. खालपर्यंत नुसता फुफाटा.

"हाई तरवड शे. लळिंगना डोंगरमा यासनं गवंडीकाम व्हतं, तठून यासनी शेंगा आन्यात. तीन साल व्हयनात, वरतून एक तांब्या पानी दिधं नही. फूल माले बी आवडतस. पन माना फूल कोनाच हांडामा तोंड घालत नहीत."

पितांबररावांनी बोटाची माती झटकली. ओट्यावर बाळाच्या दुपट्यांचा न धुतलेला ढीग पडला होता. घरात एकच हंडा होता. तो तिरका करून मदिनानं तळाचं पाणी पेल्यात ओतलं आणि त्यांच्यापुढे धरलं. दारी आलेल्याला पाणी द्यायचं, एवढीच तिची रीत.

अरेरे! ज्यांच्या तोंडचं पाणी आपण पळवलं, तेच आपल्याला पाणी पाजताहेत! पितांबररावांनी पेला तसाच ओट्यावर ठेवला. त्यांना स्वतःची लाज वाटली. घरी जाऊन त्यांनी बायकोला, कुंदाबाईंना, एवढंच सांगितलं, "मोटार विकून टाकू." आणि नळाला लावलेली मोटार स्वतःच्या हातानं सोडवली.

संक्रांतीपर्यंत लॉन वाळलं. गुलाब गेले तेव्हा मात्र त्यांना वाईट वाटलं, खोटं कशाला बोला? पुढच्या पावसाळ्यात मदिनानं तरवडाचं बी दिलं, खरबरीत दगडावर घासून पेरायला सांगितलं. यांनी मायेपोटी रोज बादलीभर पाणी घातलं आणि निम्मी रोपं कुजवली! मदिना पोट धरून हसली. उरलेली मात्र चांगली जगली.

वाचकहो, बाग जरूर करा. पण आपल्या मातीला आणि आपल्या वाट्याच्या पाण्याला झेपेल तेवढीच करा. शेजारच्याचा हंडा रिकामा ठेवून फुललेलं फूल देवाला वाहण्याच्याही लायकीचं नसतं.

पितांबरराव आता नळाच्या दिवशी पाइप न घेता फाटकाशी उभे राहतात. टोकाच्या घरी हंड्यात धार पडल्याचा आवाज आला, की मगच आत जाऊन स्वतःची बादली नळाखाली लावतात.