मागे उभं असलेलं माणूस

थोरलीने चादरीची टोकं झटकली आणि त्यातलं एक तिच्या हातून निसटलं. समोर दुसरी दोन टोकं धरून उभी असलेली जोडीदारीण "अहो, अहो" म्हणेपर्यंत निम्मी चादर फरशीवर लोळली. फरशीला लागलेली चादर पुन्हा धुवायला जाते, हा धुलाईच्या कारखान्यातला पहिला नियम. थोरलीने ती गोळा करून टोपलीत टाकली आणि मान वर न करता पुढची उचलली. सुपरवायझर मागे येऊन उभी राहिली आहे, हे तिला चपलांच्या आवाजावरूनच कळलं होतं.

सुपरवायझर म्हणजे तिची धाकटी जाऊ.

"कडा बघून घड्या घाला," धाकटी म्हणाली. "निळी कड एका इस्पितळाची, हिरवी दुसऱ्याची. परवा एकाच गठ्ठ्यात दोन्ही गेल्या. अख्खा गठ्ठा परत आला."

"हो, मॅडम."

हे 'मॅडम' ऐकलं की धाकटीला अजूनही गुदगुल्या होत, खोटं कशाला बोला? ज्या बाईने लग्नाच्या दुसऱ्या दिवशी तिला कांदा कसा चिरायचा ते शिकवायला घेतलं आणि आजतागायत थांबवलं नाही, ती बाई इथे दिवसभर तिला मॅडम म्हणत होती. घरातली वाघीण कारखान्याच्या दारातून आत आली की शेळी होत असे. मोठ्या दिरांचं दुकान बंद पडलं तेव्हा धाकटीनेच शब्द टाकून तिला कामाला लावलं होतं. त्यात माया होती, आणि थोडं उट्टं काढणंही होतं. त्यातलं कुठलं जास्त, या भानगडीत ती पडली नाही.

पण थोरलीला काम जमेना. घड्या तिरक्या होत, रचलेले गठ्ठे कलंडत. नऊ माणसांचं घर एका हाताने चालवणारी बाई चार टोकांच्या चादरीपुढे हतबल झाली होती. शेवटी धाकटीने मॅनेजरकडे तक्रार केली. आपल्या माणसाची तक्रार आपणच केली की लोक आपल्याला सरळ म्हणतात, असा तिचा हिशेब होता. मॅनेजर म्हणाला, शनिवारी मी स्वतः येऊन बघतो, आणि नाही जमलं तर सोमवारपासून दुसरी बाई. थोरलीलाही त्याने हे तोंडावर सांगितलं. थोरलीचा पगार आता घरभाड्याला जात होता. ती घरी आली आणि त्याबद्दल चकार शब्द काढला नाही.

बाकी तोंडाचा पट्टा चालूच होता.

"तेल तापू दे जरा," संध्याकाळी ती धाकटीच्या मागे उभी राहून म्हणाली.

धाकटी थांबली.

"आता किती तापवतेस? जाळायचंय का?"

धाकटीने घाईघाईने कांदा टाकला. अर्धा कढईत पडला, अर्धा ओट्यावर. तो गोळा करायला गेली तर कोपर लागून झाकण खाली पडलं आणि गोल गोल फिरत दारापर्यंत गेलं.

"हिच्या हातून एक काम धड होईल तर शपथ," थोरली भिंतीला म्हणाली.

"हो, जाऊबाई."

पन्नास बायकांच्या पाळीवर एका शब्दात वचक ठेवणारी बाई ओणवी होऊन झाकण शोधत होती. तिला स्वतःचाच राग आला. आपण मुळातच धांदरट आहोत, कारखान्यात नुसता आव आणतो, असं तिला रोज याच वेळी वाटायचं.

गुरुवारी धाकटीची दाढ ठणकायला लागली, म्हणून तिने सुट्टी घेतली. दाढ काढून दुपारी घरी आली, तर थोरली कामावर आणि मुलं शाळेत. सुजलेला गाल धरून तिने सगळ्यांचा रात्रीचा स्वयंपाक उरकला. काही सांडलं नाही, काही करपलं नाही, झाकणंही जागच्या जागी राहिली. रात्री मोठ्या दिरांनी दुसऱ्यांदा भाजी मागून घेतली आणि थोरलीकडे बघून म्हणाले, "आज तू केलेली दिसते."

थोरलीने नाव ठेवलं नाही, म्हणजे बक्षीसच दिलं म्हणायचं.

शुक्रवारी सकाळी हात धुताना थोरलीची जोडीदारीण भेटली. तिला सगळा कारखाना बडबडी म्हणत असे आणि तिला त्याचा अभिमान होता.

"मॅडम, काल तुम्ही हव्या होतात," ती म्हणाली. "तुमच्या जाऊबाई म्हणजे मशीन आहे मशीन! जेवणाच्या सुट्टीआधी सगळा ढीग संपवला. मी म्हटलं, बाई गं, जरा दमानं, माझे खांदे निखळतील. एक चादर खाली पडली नाही. एक कड चुकली नाही."

"मग रोज का नाही जमत?"

बडबडीने धाकटीच्या चपलांकडे पाहिलं आणि हात पुसत म्हणाली, "आता मी काय सांगू, मॅडम?"

धाकटी तडक घडीच्या खोलीकडे निघाली, पण दाराशी थांबली. दाराला वर काच होती. काचेतून थोरली दिसत होती: झटका, टोक, टोक, घडी, वर हात फिरवला, पुढची. मध्येच ती बडबडीच्या जागी आलेल्या बाईला काहीतरी बोलली आणि दोघी हसल्या. धाकटीने दार ढकललं आणि दोन पावलं आत टाकली. थोरलीचे खांदे कानांपाशी गेले. पुढच्याच चादरीचं टोक हुकलं.

ते खांदे धाकटीच्या चांगल्या ओळखीचे होते. रोज संध्याकाळी शेगडीपुढे ते तिचेच असत. एवढे दिवस आपण कुणाला दोष देत होतो, या विचाराने तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ती आल्या पावली परत फिरली.

शनिवारी मॅनेजर आला तेव्हा सुपरवायझर घडीच्या खोलीत नव्हती. ती मागच्या अंगणात गाडीत गठ्ठे चढवून घेत होती. हे तिचं काम नव्हतं.

"मॅडम, साहेब आत गेलेत," ड्रायव्हर म्हणाला.

"ठाऊक आहे. तुम्ही तो गठ्ठा आडवा ठेवा."

बऱ्याच वेळाने मॅनेजर तिला शोधत बाहेर आला. त्याच्या कपाळावर आठी होती.

"तुम्ही इथे काय करताय? मी तपासणीला आलो आणि सुपरवायझर गायब!" मग तो गोंधळल्यासारखा थांबला. "ती बाई तर उत्तम आहे. मी मागे उभा राहिलो, तिने ढुंकूनही पाहिलं नाही. मग तक्रार कसली होती?"

'मी समजावलं, म्हणून सुधारली.' एवढं एक वाक्य पुरे होतं. मॅनेजरने शाबासकी दिली असती, थोरलीची नोकरीही राहिली असती. वाक्य अगदी जिभेवर आलं होतं.

"तक्रार चुकीची होती, साहेब," धाकटी म्हणाली. "मी मागे उभी राहिले की त्यांचे हात अडखळतात. एरवी नाही."

"म्हणजे दोष तुमचा?"

"हो."

"सुपरवायझरने मागे नाही उभं राहायचं, तर कुठे?"

"ते बघते मी."

"बघा," मॅनेजर म्हणाला. "लवकर बघा. नाहीतर मला तुमचं बघावं लागेल."

त्याचं बोलणं गड्यांनी ऐकलं, ड्रायव्हरने ऐकलं. चारचौघांत असं तिला कुणी कधी बोललं नव्हतं. तिचे कान तापले, पण पाय मात्र घट्ट होते, याचं तिलाच नवल वाटलं. उरलेले गठ्ठे तिने मोजून चढवून घेतले.

संध्याकाळी ती स्वयंपाकाला लागली आणि थोरली नेहमीसारखी मागे येऊन उभी राहिली. नोकरी राहिली होती, त्यामुळे आवाजाला धार चढली होती.

"कढई नीट तापली का ते बघ आधी. काल केलंस तसं..."

"जाऊबाई," धाकटी वळून म्हणाली, "तुम्ही जरा बाहेर बसा."

बाहेरच्या खोलीत मोठ्या दिरांनी टीव्हीचा आवाज कमी केला.

"कोणाला म्हणतेस?"

"तुम्हाला. मागे कुणी उभं राहिलं की माझे हात चालत नाहीत. रागावू नका. पण बसा बाहेर."

एवढी वर्षं या स्वयंपाकघरात थोरलीला कुणी 'बाहेर' म्हटलं नव्हतं. तिने पदराला हात पुसले, कोरडे होते तरी पुसले.

"एवढं सोपं असतं होय?" ती म्हणाली. "मग मी तिथे कारखान्यात इतके दिवस तोंड शिवून का उभी होते?"

धाकटीला हसू फुटलं आणि डोळ्यांत पाणीही आलं. कांदा अजून चिरायचाच होता, त्यामुळे त्याच्यावर ढकलायचीही सोय नव्हती.

"सोमवारी मीही तुला असंच सांगेन हं," थोरली दारातून म्हणाली. "सगळ्यांदेखत सांगेन."

"सांगा."

ती बाहेर जाऊन बसली. काय झालं, असं मोठ्या दिरांनी दबक्या आवाजात विचारलं.

"काही नाही," थोरली म्हणाली. "स्वयंपाक चाललाय. तुम्ही टीव्ही बघा."