हिरवा काठ

हातगाडी सिव्हिल लाइन्सच्या मैदानात शिरताना चाक खड्ड्यात गेलं आणि कडेची कुंडी कलंडली. विभावरीबाईंची शेवंती देठातून मोडली. मधोमध, पेंढ्याच्या गादीत बसवलेली नथ्थूची स्वतःची कुंडी मात्र शाबूत राहिली. गाडी त्यानंच भरली होती.

बाईंच्या बंगल्यावर वीस वर्षं तो माळी. दर साली फुलं त्याची, बक्षीस बाईंचं. यंदा फुलांच्या प्रदर्शनात माळ्यांसाठी वेगळा वर्ग निघाला होता. फुलापुढच्या चिठ्ठीवर माळ्याचं नाव लागणार होतं. त्या नावापायी नथ्थूनं बाईंनी टाकून दिलेली शेवंतीची काडी वस्तीतल्या आपल्या खोलीपुढे रुजवली, लेकरागत वाढवली. बाजूची कळी दिसली की नखानं खुडायची. सगळा रस एकीलाच मिळावा. त्याची बायको शकु गुणगुणायची, 'बारा जणी खुडल्या, एक राखली राणी.' राणीचा भार देठाला पेलेना, तेव्हा तिनंच सणाच्या लुगड्याचा हिरवा काठ फाडून देठ कामटीला बांधला.

बाईंनी मोडलेलं फूल पाहिलं, मग पेंढ्याची गादी पाहिली.

"स्वतःचं बरं जपलंस. चलो, ही कुंडी माझ्या जागेवर ठेव. काडी तर माझ्याच बागेतली ना?"

पेंढ्याकडे पाहत नथ्थूनं कुंडी उचलली.

दुपारी तिलाच पहिला नंबर लागला. शकु तेच सणाचं लुगडं नेसून आली. तिला अक्षर येत नव्हतं, पण काठ ओळखू आला. तिनं कुंडीवर अलगद हात ठेवला.

"चिठ्ठीवर तुमचंच नाव हाये ना जी? वाचून दाखवा ना."

पाहुण्यांना घेऊन आलेल्या बाई थांबल्या. "नथ्थू, कोण रे ही?"

नथ्थूनं मान खाली घातली. "कोणी नाही, बाई. फुलं पाहाले आली असन."

शकुनं हात काढला. डोक्यावर पदर ओढला. फाटल्या काठाचे दोरे कपाळावर आले.

"नामी फूल हाये, बाई," ती म्हणाली, आणि गर्दीतून वाट काढत गेली.

फोटोवाला आला. "आधी ती चिंधी काढ," बाई म्हणाल्या. नथ्थूनं गाठ सोडली, काठ खिशात ठेवला. शेवंतीनं लगेच मान टाकली.

"मागून धर ना. आणि तू दिसू नकोस."

तो कुंडीमागे उकिडवा बसला.

फोटो झकास आला. बाई, बाईंच्या हातात कप, ताठ उभी शेवंती. देठामागे दोन बोटं आहेत, नखं काळी पडलेली. मुद्दाम पाहिलं तरच दिसतात.