पहिल्या अंकातला साहेब

वल्लरीने साहेबाचा कोट हँगरवरून ओढला आणि घडी न घालताच पिशवीत कोंबला.

"इस्त्री तरी करायची," अरुणा सोफ्यावरून म्हणाली.

"कुणाला होणार आहे तो, आई? एवढा उंच गोरा माणूस आता मंडळ कुठून आणणार?"

वल्लरीच्या पापाला, लूकला, जाऊन महिना होत आला होता. मायलेकींची भांडणंही आता दोन वाक्यांतच दमून बसायची.

पॅरिसमध्ये लूकच्या दोन कादंबऱ्या निघाल्या होत्या. रंगभूमीवर त्याचं नाव होतं. एका सिनेमात त्याने केलेला न्हावी तिथल्या म्हाताऱ्यांना अजून आठवतो. मग बँकेच्या कामाला आलेली अरुणा त्याला भेटली. तिच्यामागून तो सिंगापूरला आला, चोआ चू कांगच्या या फ्लॅटमध्ये राहिला, मुलांना फ्रेंच शिकवू लागला आणि दर गणपतीत तिथल्या मराठी मंडळाच्या नाटकात इंग्रज साहेब होऊ लागला. कधी कलेक्टर, कधी कॅप्टन. फ्रेंच माणसाला टोपी घालून इंग्रज करायचं आणि टाळ्या पिटायच्या, हे वल्लरीला मोठेपणी सहन होईनासं झालं. यंदाचं नाटक मंडळाला लूकचा फोटो लावून, त्याच्या आठवणीत करायचं होतं. अरुणाने निर्णय लेकीवर सोडला होता, आणि लेकीचं 'नाही' ठरलं होतं.

विचारायला मंडळाचे सुबोधकाका आले ते चांगीच्या ऑफिसातून थेट, अख्खं बेट ओलांडून. गळ्यातलं ओळखपत्र काढायचंही त्यांना सुचलं नव्हतं.

"कोट घेऊन जा, काका," वल्लरी म्हणाली. "फोटो मात्र नको. नाटकही त्याच्या नावाने नको."

"का गं?"

"पापा लेखक होता. नट होता. तुम्ही त्याला वर्षानुवर्षं साहेब करून नाचवलंत. एकदा तरी धड भूमिका द्यायचीत."

सुबोधकाकांनी अरुणाकडे पाहिलं. "वहिनी, हिला माहीतच नाही?"

"त्याने सांगू दिलं नाही."

"काय?" वल्लरीने विचारलं.

"आपली नाटकं कोण लिहितं, असं वाटतं तुला?"

"तुम्ही."

"मी ऑडिटवाला माणूस! जुरोंग ईस्टच्या हॉकर सेंटरमध्ये तो कॉफी पीत प्रसंग करून दाखवायचा. सगळी पात्रं एकटाच. शेजारच्या टेबलावरच्या चिनी आजीबाई नूडल्स सोडून बघत बसायच्या. मराठी माझं, बाकी सगळं त्याचं. मुख्य भूमिका कर म्हणून पाया पडलो त्याच्या. त्याची अट एकच. साहेबाला पहिल्याच अंकात मारा."

"पण का?"

"दुसऱ्या अंकाला तुझ्याशेजारी येऊन बसता यायचं ना."

वल्लरी खाली बसली. अर्धवट पुसलेल्या रंगाचा वास घेऊन पापा अंधारात शेजारी यायचा. काय म्हणाली ती, असं फ्रेंचमध्ये विचारायचा. मग ती त्याच्या कानाशी लागून एकेक विनोद उकलून सांगायची, आणि सगळं सभागृह हसून गप्प झाल्यावर तो एकटाच खो खो हसायचा. लोक वळून बघायचे.

"नाव तरी लावू दे म्हटलं," काका म्हणाले, "तर म्हणतो, नाव लावलंस तर पोरगी मला समजावून सांगायची नाही."

खालच्या कोर्टावर कुणीतरी बॉल आपटत होतं.

"यंदाचंही त्याचंच?" तिने विचारलं.

"जायच्या आधी दुसरा अंक संपवला त्याने."

"सांगा."

काका खुर्चीच्या कडेला सरकले. "साहेब मेलाय. गावाने त्याचा दहावा घातलाय. पिंड मांडलाय, पण कावळा काही शिवेना. सगळे हात जोडून उभे, ऊन चढतंय. शेवटी म्हातारा पाटील ओरडतो, 'अरे, काटा-चमचा ठेवा रे शेजारी! त्याशिवाय साहेब जेवेल होय?'"

अरुणाने तोंडावर हात दाबला. तिचे खांदे हलत होते.

वल्लरीला विनोद कळला होता. ती आईजवळ सरकली.

"म्हणजे?" तिने विचारलं.

अरुणाने तिच्याकडे पाहिलं. मग तिच्या कानाशी वाकून हळू आवाजात ती सांगू लागली, "आपल्याकडे ना, माणूस गेला की..."